देवाला द्यायची वस्तू

॥ श्री गजानन प्रसन्न ॥

आर्णी,
रविवार, दि. २२ जून २०२५

आदरणीय विमलताई यांना,
वनमालाचा वाकून नमस्कार.

तुमचं पार्सल शुक्रवारी दुपारी पोचलं. आत निघालं ते असं: इंग्रजी शब्दकोश एक, मोठा, पुठ्ठा सुटलेला पण पानं सगळी शाबूत, वाचायचं भिंग एक, आवळासुपारीची पुडी एक, आणि दोऱ्यात बांधलेली कोरी पोस्टकार्डं. टपालखर्च एकशे चौतीस रुपये लागल्याची चिठ्ठी वर चिकटवलेली होती. ताई, तेच पुसदहून आर्णीकडे येणाऱ्या एस.टी.च्या कंडक्टरजवळ दिलं असतं तर वीस-तीस रुपयांत आलं असतं. रागावू नका. घरचा हिशेब लिहायची सवय लागली की दुसऱ्याच्या खर्चाकडेही डोळा जातो.

कोरी कार्डं कशासाठी पाठवलीत ते समजलं. वर्षभर तुम्ही लिहीत राहिलात आणि मी दोन-चार ओळींत भागवत आले, 'सर्व ठीक आहे, काळजी नसावी'. आज कार्डावर मावणार नाही म्हणून वहीचे कागद घेतले आहेत. काल एकादशी होती. सकाळी पारणं केलं, देवापुढे दिवा लावला आणि लिहायला बसले आहे. उद्या टपालात टाकीन.

घरी सगळे बरे आहेत. सासूबाईंचा गुडघा दुखतो, पण तोंड शाबूत आहे. सरकी लावून झाली. थोरले दीर सदाशिवराव आपल्या शेताबरोबर आमचंही बघतात, बांधावर उभे राहून मजुरांवर ओरडतात आणि स्वतःच घामाघूम होतात. शेजारच्या बिजलीबाई रोज सकाळी गेटापाशी येऊन "काय नवीन?" विचारतात. तुम्ही एका कार्डावर क्विडनंक हा शब्द लिहिलात न, लॅटिनमध्ये 'आता काय' असा अर्थ, दारोदार बातम्या विचारत फिरणाऱ्या माणसाला त्यावरून नाव पडलं, तो वाचला तेव्हापासून घरात बिजलीबाईंचं तेच नाव चालतं. त्यांना वाटतं काहीतरी मानाचं आहे.

शब्दकोश उघडला तेव्हा आधी कुठला शब्द पाहावा, कळेना. मग विडो काढला. आमच्या मॅट्रिकला तुम्हीच शिकवला होतात तो, अर्थ माहीत होता. पण त्याच्या खाली बारीक अक्षरात दिलं आहे की तो शब्द आणि आपला विधवा शब्द एकाच मुळातून आले, हजारो वर्षांपूर्वीच्या. रिकामं होणं, वेगळं पडणं, असं काहीसं ते मूळ. भिंग धरून दोनदा वाचलं. म्हटलं, इतक्या दूरच्या बायांनाही हाच शब्द लागला. रडू नाही आलं ताई. उलट, कुणीतरी शेजारी येऊन बसल्यासारखं वाटलं.

हे गेले तेव्हा तुम्ही पुसदहून आला होतात. बाया मोठ्यानं रडत होत्या, येणारा प्रत्येक जण काही ना काही बोलत होता आणि तुम्हाला त्यातलं एक अक्षर ऐकू येत नव्हतं. तुम्ही नुसता माझा हात धरून बसलात. पुढच्या आठवड्यात पहिलं कार्ड आलं. त्यावर सांत्वनाचं काही नव्हतं. एक अनोळखी इंग्रजी शब्द, त्याचा अर्थ, तो कुठून कसा चालत आला त्याची हकिगत, आणि खाली 'कान गेले, वाचणं राहिलं आहे. एकटीनं वाचवत नाही म्हणून तुला पाठवते'. बस. मला तेव्हा थोडा रागच आला होता. म्हटलं, माझ्या घरात काय झालं आणि ताई मला इंग्रजी शिकवून राहिल्या.

त्या कार्डांनी काय केलं ते आज सांगायचं आहे.

मला इंग्रजी वाचायला वेळ लागतो. तुमचं अक्षर वळणदार, पण इंग्रजी शब्दापाशी मी अडते. म्हणून कार्ड आलं की रजतला हाक मारायची, तो मागच्या खोलीतून यायचा, उभ्या उभ्या मोठ्यानं वाचायचा आणि परत जायचा. तुम्हाला कसं सांगू, गेल्या वर्षात माझ्या मुलाच्या तोंडून घरानं जे काही ऐकलं, त्यातलं बहुतेक तुमच्या कार्डांवरचं होतं. जेवलास का, तर मान. कॉलेजला जातोस का, तर मान. पण कार्ड आलं की आवाज. टपाल यायच्या वेळी सासूबाई मुद्दाम छपरीत येऊन बसायच्या. त्यांना इंग्रजीतलं ओ की ठो कळत नाही. एकदा म्हणाल्या, "वाचू दे त्याले. नातवाचा आवाज तं आयकू येते."

व्हेलीइटीचं कार्ड आठवतं का? इच्छा असते, पण उठून काही करावं इतकीही ताकद तिच्यात नसते, अशा इच्छेचा शब्द. ते वाचून तो पहिल्यांदा थोडा हसला होता. मला वाटलं, चला, आपल्याला काय झालं आहे त्याचं नाव तरी सापडलं.

मग दिवाळीनंतर तो दुसरा आला, व्हायॅटिकम. तुम्ही लिहिलं होतं की जुन्या रोमी लोकांत प्रवासाला निघताना बरोबर घ्यायच्या शिदोरीला हा शब्द होता. पुढे मरणाऱ्या माणसाला पाद्री शेवटचा प्रसाद देतो त्याला तेच नाव मिळालं. आणि प्रवासाचा व्हॉयेज हा शब्दही त्याच शिदोरीतून निघाला. मी म्हटलं, बरोबर आहे, आधी भाकरी बांधायची, मग रस्ता. आपल्याकडे तुळशीपत्र आणि गंगाजल. आणि तिथेच मला आठवलं की यांच्या मुखात मी काहीच घालू शकले नाही. माझ्यापर्यंत आले ते कापडात गुंडाळूनच आले. हे दुःख मी कुणाजवळ बोलले नव्हते. देवाजवळही तक्रार करावी वाटली नाही.

रजत कार्ड हातात धरून उभा होता. खाली बघत म्हणाला, "आई, म्या पाजलं होतं पाणी. बाटलीतलं. दोन घोट गेले त्यायच्या पोटात."

ताई, त्या दिवशी मी देवापुढे किती वेळ बसले ते ठाऊक नाही. यांना पाणी मिळालं होतं. लेकाच्या हातचं मिळालं होतं. तुमच्या त्या पन्नास पैशांच्या कार्डानं मला ते दिलं. नाहीतर त्यानं ते आयुष्यभर पोटात ठेवलं असतं.

आता तुमच्या लक्षात आलं असेल की रजत तिथे होता. ढाणकीला नात्यातलं लग्न होतं, दोघं बापलेक मोटारसायकलनं गेले होते, परतताना झालं. तुम्हाला मी एवढंच कळवलं होतं की अपघात झाला. गाडी कोण चालवत होतं ते लिहिलं नाही. पंचनाम्यात आहे ते, पोलिसांना, गावाला, सगळ्यांना माहीत आहे. पण आमच्या घरात ते वाक्य कुणी उच्चारलं नव्हतं, मग कागदावर कसं उतरवणार?

गाडी पोलिसांकडून सुटून आली तशी अंगणात भिंतीला लावून ताडपत्रीखाली ठेवली होती. फार मोडली नव्हती. समोरचा दिवा फुटला, हँडल वाकलं, बस. सासूबाई नहाणीकडे जाता-येता थांबायच्या, पायातली चप्पल काढायच्या आणि ताडपत्रीवरून सीटवर एक हाणायच्या. "खाल्लं न तू माह्या लेकाले," म्हणायच्या आणि चप्पल घालून पुढे जायच्या. रोज. दसऱ्याला वखर, पंप, माझी शिलाई मशीन, सगळ्यांना झेंडूची फुलं वाहिली, गाडीला नाही. तिला त्याही दिवशी चप्पलच. त्यांचं दुःख होतं, मी काय बोलणार? पण मागच्या खोलीची खिडकी त्याच भिंतीला आहे. मार गाडीला बसायचा, आणि आत रजत पांघरूण डोक्यावरून ओढून घ्यायचा. सासूबाईंना हे दिसत नव्हतं. नातवावर त्यांचा जीव आहे, त्याच्या ताटात तूप त्याच वाढतात.

मग चैत्रात तुमचं डिओडंडचं कार्ड आलं.

तो वाचू लागला. लॅटिनमध्ये अर्थ, देवाला द्यायची वस्तू. जुन्या इंग्लंडात एखाद्या वस्तूमुळे माणसाचा जीव गेला, गाडीचं चाक म्हणा, घोडा म्हणा, वरून पडलेला वासा म्हणा, तर पंच बसवून विचारायचे की मरणाकडे कोणती वस्तू हलली, म्हणजे कशाच्या हलण्यानं माणूस मेला. पंचांनी ठरवलेली वस्तू, नाहीतर तिची किंमत, राजाकडे जमा व्हायची आणि मेलेल्याच्या आत्म्याच्या भल्यासाठी दानधर्मात जावी असा मूळ हेतू होता. इथवर वाचून तो थांबला, कार्ड माझ्या हातात दिलं आणि आत गेला. पुढचं मीच अडखळत वाचलं, की आगगाड्या आल्या, इंजिनांची किंमत भरायची वेळ कंपन्यांवर आली आणि १८४६ साली तो कायदाच रद्द झाला. म्हटलं, शेतकऱ्याचा बैल जात होता तोवर चाललं, मोठ्यांचं इंजिन जायला लागल्यावर कायदा वाईट झाला.

ते कार्ड मी गजानन महाराजांच्या तसबिरीमागे खोचून ठेवलं. रोज पूजा करताना दिसायचं. आपल्याकडेही माणूस गेल्यावर त्याच्या नावानं गोऱ्हा सोडत. यांचे आजोबा गेले तेव्हा सोडला होता, सासूबाई सांगतात. एकदा देवाच्या नावानं सोडला की त्याला कुणी जुंपत नाही, कुणी मारत नाही. हे 'कुणी मारत नाही' माझ्या मनात घोळत राहिलं.

या महिन्यात यांचं वर्षश्राद्ध झालं. भटजी आणि पाहुणे गेले, छपरीत घरचेच उरलो. सदाशिवरावांनी विषय काढला की भंगारवाला चार हजार म्हणतो, देऊन टाकू, रोज डोळ्यांसमोर नको. सासूबाई म्हणाल्या, विकू नका, पेटवा. मी म्हटलं, भाऊजी, जरा थांबा. तसबिरीमागून कार्ड काढलं, रजतला हाक मारली आणि वाच म्हटलं. तो नको म्हणाला असता तर मी काय केलं असतं, ठाऊक नाही. त्यानं कार्डाकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं आणि वाचलं. या वेळी शेवटपर्यंत.

सदाशिवरावांना हसू आलं. "इंग्रज गेले न वनमाला, मंग त्यायचा कायदा कायले आणून राह्यली आपल्या छपरीत?" मी म्हटलं, कायदा नको, रीत घेऊ. गोऱ्हा सोडतो तशी गाडी देवाच्या नावानं सोडू. पण आधी त्या पंचांसारखं बसून ठरवू की मरणाकडे काय हललं. एकदाच ठरवू, मग त्यावर कुणी बोलायचं नाही आणि कुणी हात उगारायचा नाही. सासूबाई म्हणाल्या, गोऱ्हाच सोडायचा आहे तर तसं म्हण न, इंग्रजी कायले पायजे.

मग सदाशिवराव पंच झाले. त्यांना असलं काही मिळालं की खुलतात. म्हणाले, समोरचं चाक घसरलं, चाक लिहा. मग म्हणाले, चाक तर गिट्टीवर घसरलं, रस्त्याचं काम चालू होतं, तेव्हा गिट्टी लिहा. "पन गिट्टी देवाले देल्ली तं ठेकेदार मांगाले येईन." मलाही हसू आलं. वर्षभरानं त्या विषयावर घरात कुणी हसलं होतं.

तेवढ्यात रजत बोलला. भिंतीला टेकून उभा होता, कार्ड हातातच होतं.

"गाडी मी चालवून राह्यलो होतो. ब्रेक म्या दाबला. माह्यं नाव लिवा."

हसू गेलं. सदाशिवराव गमछ्याशी चाळा करू लागले. मी आई, माझ्या तोंडून पहिला शब्द निघायला पाहिजे होता. बोलल्या त्या सासूबाई. गुडघ्यावर हात टेकून उठल्या, त्याच्यासमोर गेल्या. मला भीती वाटली.

"वाच पुन्हा थे," म्हणाल्या. "काय देते म्हन्ते थे लोकं देवाले?"

तो म्हणाला, "वस्तू."

"मंग? तू वस्तू हायेस का रे पोट्ट्या? एक देल्ला म्या. दुसरा नाई देत."

आणि त्याला दंडाला धरून अंगणात घेऊन गेल्या, म्हणाल्या, काढ ती ताडपत्री. त्यानं काढली. त्यांनी माझ्याकडून हळदकुंकू मागून घेतलं आणि गाडीच्या हँडलला लावलं, गोऱ्ह्याच्या कपाळाला लावतात तसं. मग तिथंच सीटला धरून मोठ्यानं रडल्या. रजतनं त्यांना धरलं. तोही रडला, ताई. अपघाताच्या दिवसापासून पहिल्यांदा.

देवाची गाडी द्यायची कुणाला, हा प्रश्न होता. माणूस गेलेली गाडी आपल्याकडे फुकट दिली तरी कुणी घेत नाही. इथे आमच्या क्विडनंक कामी आल्या. बिजलीबाईंनी गेटावरून सगळं ऐकलं होतंच. त्यांच्या माहेरच्या तांड्यावर आरोग्य केंद्राचा संघदीप म्हणून कर्मचारी क्षयाच्या गोळ्या द्यायला जातो, त्याची गाडी बंद पडली आहे, एस.टी. न मिळाली तर पायी जातो, हे त्यांनीच सांगितलं. सदाशिवराव जाऊन भेटून आले. आधीच सांगितलं की गाडीवर भाऊ गेला आहे, मागाहून कानावर यायला नको. संघदीप म्हणाला, "काका, गाडीले काय समजते? सर्व्हिसिंग करून घेतो." नाव बदलायच्या कागदांवर वारस म्हणून मी आणि रजतनं सह्या केल्या. माझ्या वहीत भंगारवाल्याचे ते चार हजार कुठल्या बाजूला लिहावेत ते समजेना. शेवटी मधोमध 'देवाला' असं लिहिलं, बेरजेत धरलं नाही.

गेल्या सोमवारी तो गाडी न्यायला आला. मेकॅनिकनं दिवा बसवून दिला होता, हँडल सरळ केलं होतं. संघदीपनं किक मारली, गाडी सुरू झाली आणि बंद पडली. दोनदा तसंच. रजत उंबऱ्यातून म्हणाला की क्लच कडक आहे, जरा अर्धवट सोडावा लागतो. संघदीप तिशीतला असेल, पण समजूतदार माणूस. गाडीवरून उतरला आणि म्हणाला, "तूच काढून दे नाक्यापर्यंत. मी बसतो मांगं."

रजत हलला नाही. संघदीप मागच्या सीटवर जाऊन बसला, दोन्ही हात मांड्यांवर ठेवून, एस.टी.त बसावं तसा. जणू गाडी चालवणारा येणारच आहे.

मी स्वयंपाकघराच्या खिडकीला गज धरून उभी होते. महाराजांचं नाव घेत होते, पण काय मागत होते ते मला सांगता येणार नाही. त्यानं जावं असं की जाऊ नये असं. रजत पायऱ्या उतरला. गाडीला वळसा घातला, चाकं पाहिली, ब्रेक दाबून पाहिला. मग बसला. सासूबाई छपरीतून म्हणाल्या, "हळू जाय." एवढंच.

आवाज नाक्याकडे गेला आणि ऐकू येईनासा झाला. मी कणीक मळायला घेतली, पाणी जास्त झालं. काही वेळानं तो पायी परत आला. हात धुतले, पाटावर बसला आणि म्हणाला, भूक लागली.

त्या दिवशी जेवताना तो आपणहून बोलला. म्हणाला, पुसदला जातो, बी.ए. करतो, इंग्रजी घेऊन. प्रवेश सुरू झाले आहेत म्हणे. मग पोळीचा तुकडा मोडत म्हणाला, "विमलताईच्या घरी खोली रायते का वं, इचार न."

ताई, एवढ्यासाठी हे सगळं लिहिलं. तुमच्या घरात एक मुलगा ठेवून घ्या म्हणायचं तर तो मुलगा कोण आहे ते तुम्हाला आधी कळलं पाहिजे. लोक बोलतील. पुसदलाही आमचे नातेवाईक आहेत, तुमच्या कानी पडणार नाही, पण चिठ्ठी लिहून सांगणारेही निघतील. म्हणून त्यांच्या आधी मी सांगितलं. त्याच्या हातून गाडी घसरली आणि त्याचे बाबा गेले, आणि तो चांगला मुलगा आहे. ही दोन्ही वाक्यं मी आज पहिल्यांदा एकापुढे एक लिहिली. लिहून झाल्यावर बघते तर दोन्ही खरी आहेत.

तो फार बोलणार नाही, तुम्हाला फार ऐकू येणार नाही, तेव्हा तुमचं एकमेकांशी जमेल असं वाटतं. पाणी भरेल, बाजार करेल, गॅसचा नंबर लावेल. मध्येच गप्प झाला तर विचारू नका, एखादा शब्द काढून वाचायला द्या. भाड्याचं तुम्ही म्हणाल तसं. तूरडाळ, गहू आणि ज्वारी मी दर महिन्याला पाठवीन, एस.टी.नं पाठवीन, टपालानं नाही.

नाही म्हणायचं असेल तरी संकोच करू नका. वय झालं, एकटं राहायची सवय झाली, कुणाला जड जातं ते मला समजतं. तुमचं माझ्यावर जे आहे ते नाही म्हटल्यानं कमी होणार नाही. वर्षभर माझ्या घरात आवाज तुम्ही ठेवलात. त्याची परतफेड मला येत नाही, आणि हिशेब ठेवणारी बाई असून मी ती करायचा प्रयत्नही करणार नाही.

फक्त एवढं करा. हो असो की नाही, उलट टपाली कळवा, आणि पत्र माझ्या नावानं न घालता त्याच्या नावानं घाला. त्यानं सामान बांधायला काढलं आहे, पण अजून बांधलेलं नाही.

तुमची विद्यार्थिनी आणि
रजतची आई,
वनमाला